तिरडीचा दुसरा टेक

लोक मला 'स्वतंत्र दिग्दर्शक' म्हणतात. सत्कार करणाऱ्यांना हा शब्द फार आवडतो; शाल खांद्यावर पडायच्या आधी तो एकदा तरी येतोच. आमच्या धंद्यात स्वतंत्र म्हणजे एवढंच, की चित्रीकरण बिघडलं तर ओरडायला वर कुणी नसतं आणि निस्तरायला खालीही कुणी नसतं. मी मूळचा कॅमेरामन. अजूनही अनोळखी माणसाने धंदा विचारला तर तेच सांगतो, कारण दिग्दर्शक म्हटलं की लोक पुढे विचारतात, "कुठला पिक्चर?" आणि मग दोघांनाही अवघडल्यासारखं होतं.

सुरुवात शहापुरात लग्नांचे व्हिडिओ काढून केली. नव्वदीची पहिली काही वर्षं. खांद्यावर मोठा कॅमेरा, मागे वायर सांभाळणारा एक माणूस, आणि डोळे दिपवणारा दिवा. त्या दिव्याचा मान भटजींपेक्षा जास्त होता. एका लग्नात नवरदेवाचे काका हार घालण्याच्या ऐन क्षणी माझ्यासमोर आले आणि चित्रात नुसता त्यांचा फेटा भरला. मी नाराज दिसलो तर वधूपित्याने वाजंत्री थांबवली आणि दोघांना हार काढून पुन्हा घालायला लावले. अक्षतासुद्धा पुन्हा वाटल्या. असं पुढे अनेक लग्नांत झालं. त्यावरून माझा समज झाला, की आपल्या भागातल्या लोकांना एखादी गोष्ट पुन्हा करण्याचं वावडं नाही. हा समज घेऊनच मी मुंबईला गेलो, मोठ्या कॅमेरामनांच्या हाताखाली भिंगाचा फोकस जुळवत बरीच वर्षं काढली, आणि दोन हजारनंतर स्वतःचा पहिला चित्रपट करायला पुन्हा आपल्या भागात, शहापूरशेजारच्या मुरबाड तालुक्यात आलो.

गाव वैशाखऱ्याच्या पुढे, मोठ्या रस्त्यावरून आत उतरल्यावर लागणारं. मागे डोंगर, पुढे भातशेती. गोष्ट एका म्हाताऱ्या शेतकऱ्याची होती. नटाचा शोध मी गावातल्या पहिल्याच सकाळी थांबवला, कारण ओटीवर हरीआबा बसले होते. सत्तरी ओलांडलेले, ताठ, आणि कॅमेऱ्याकडे म्हशीकडे बघावं तितक्याच कुतूहलाने बघणारे. घर त्यांचंच वापरायचं ठरलं. घरात त्यांचा मुलगा जयराम, सून, नात मंदा आणि आबांची विधवा धाकटी बहीण भागीआत्या. मंदा मुरबाडला बारावीपर्यंत शिकलेली. तिचं लग्न वाशिंदच्या एका मुलाशी ठरलं होतं, साखरपुडा झाला होता. मुलाला वडील नव्हते. तिकडचा सगळा कारभार त्याचे मामा बघायचे.

चित्रपटाचं काम गोष्टीच्या क्रमाने होत नाही, हे बाहेरच्यांना सांगावं लागतं. माणूस सोमवारी मरतो आणि गुरुवारी पोरगी बघायला जातो. आमच्या म्हाताऱ्याचा मृत्यू आम्ही सर्वांत आधी घेणार होतो. कारण साधं होतं. दाराबाहेर निघालेली तिरडी उभ्या, पिकलेल्या भातातून बांधावरून जाते असा तो शॉट होता, आणि भात कापणीला आलं होतं. जयरामने माझ्यासाठी कापणी थोपवून धरली होती. शेजाऱ्यांची शेतं मोकळी झाली होती, त्याचं तेवढं पिवळं उभं होतं आणि पाखरं त्याच्यावर येत होती.

तिरडी दुसऱ्या कुणाच्या घरातून काढावी असं मीच सुचवलं होतं. आबांना ते पटलं नाही. "आयुष्यभर या दारातून ये-जा केली. मरायला काय शेजाऱ्याच्या घरी जाऊ?" मग भागीआत्याकडे प्रकरण गेलं. गावात मयत झालं की काय करायचं, कुणी करायचं, हे तिला विचारूनच होतं. तिने दोन दिवस विचार केला आणि परवानगी दिली, पण खोटं मयत हे खोटंच राहिलं पाहिजे या अटीवर. तिरडीला हिरवा बांबू चालणार नाही, कुंपणाचा जुना वाळका घ्यायचा. पुढे चालणाऱ्याच्या मडक्यात विस्तव नको, गार राख हवी. आबांचे अंगठे बांधायचे नाहीत. आणि त्यांच्या तोंडात पानाचा विडा असला पाहिजे, कारण मेलेला माणूस पान खात नाही. मी सगळं कबूल केलं. विडा गालात धरा, चावू नका, एवढीच माझी विनंती होती. मला वाटतं, कुठल्याही निर्मात्याशी माझा इतका स्वच्छ करार कधी झाला नाही.

सकाळी ऊन दारात तिरपं आलं तेव्हा आम्ही तयार होतो. दाराकडे तोंड करून मी कॅमेऱ्यावर, शेजारी माझा सहायक दळवी. अंगणात सगळा गाव. नेमके त्याच दिवशी वाशिंदचे मामा लग्नाचं बोलायला आले होते. तेही गर्दीत उभे राहिले, खुशीत होते. खांदेकऱ्यांपैकी एकाचा खांदा खाली येत होता, त्याला त्यांनी पुढे होऊन उंची जुळवायला शिकवलं.

पहिला टेक चांगला झाला. तिरडी निघाली, अंगण ओलांडून बांधाला लागली, आणि मी "कट" म्हणालो. आता यानंतर कॅमेरामन काय करतो ते सांगतो. कॅमेऱ्यात भिंगाच्या मागे एक छोटी चौकट असते, तिला गेट म्हणतात. फिल्मची प्रत्येक तसबीर त्या चौकटीत क्षणभर थांबून पुढे सरकते. सरकताना फिल्मचा बारीक तुकडा निघून कडेला अडकतो. आम्ही त्याला केस म्हणतो. डोळ्याला तो जेमतेम दिसतो, पण पडद्यावर हातभर लांब दोरीसारखा वळवळतो. म्हणून टेक झाला की भिंग काढून आधी गेट बघायचं. दळवीने बघितलं आणि मान हलवली. केस होता, ठळक होता.

मी ओरडून सांगितलं, "पुन्हा. पहिल्यापासून."

खांदेकऱ्यांची आदल्या दिवशी मीच रिकाम्या शिडीवर तालीम घेतली होती. 'पहिल्यापासून' म्हणजे आत जायचं, हे त्यांच्या अंगात बसलं होतं. ते बांधावरून वळले आणि आबांसकट तिरडी घेऊन दारातून घरात गेले.

अंगण गप्प झालं. भागीआत्या पायरीवर खाली बसली. मी गेट साफ करत होतो. मला वाटलं, लोक भूमिकेत शिरले. दुसरा टेक सुरू झाला. तिरडी पुन्हा बाहेर आली. खांदेकरी पांढरे पडले होते. जयराम मडकं घेऊन पुढे चालताना सारखा मागे वळून बघत होता. बायका पदर तोंडाशी धरून मागे सरकत होत्या. इतका खरा शॉट मी त्याआधी घेतला नव्हता. गेटही स्वच्छ निघालं. आबा बांधाजवळ तिरडीवरून उतरले, विड्याची पिंक टाकली आणि मान खाली घालून गोठ्याकडे गेले. मामा चहा न घेता निघून गेले होते.

काय झालं ते मला दुपारी भागीआत्याने सांगितलं. मी तिला तिच्याच अटींची आठवण करून दिली: बांबू वाळका होता, राख गार होती, विडा होता.

"ते जान्याचं झालं," ती म्हणाली. "जानं खोटं करता येतं. येनं कसं खोटं करशील? तो आलाच ना घरात?"

तिरडी घरातून जाते. घरात येत नाही. आली, तर आपल्यासोबत काय घेऊन आली आणि पुढे कुणाला घेऊन जाईल, हा प्रश्न राहतो. याचा विचार अटी घालताना तिनेही केला नव्हता, कारण शंभर मयतं बघितलेल्या बाईच्या डोक्यात मयताचा दुसरा टेक येण्याचं काही कारण नव्हतं. माझ्या डोक्यात तो इतका नेहमीचा होता, की सांगायचं राहून गेलं.

दुसऱ्या दिवशी जयरामने विळा घातला. थांबण्यात अर्थ नव्हता, पीक झडत होतं. आम्ही दुसऱ्या घरात, दुसऱ्या माणसांचे किरकोळ प्रसंग घेत राहिलो, कारण आबांनी काम बंद केलं होतं. एवढंच नव्हे, ते घरात पाऊल टाकेनात. माझ्याबरोबर काही आत आलं असेल तर मी बाहेर राहिलेला बरा, असं म्हणून त्यांनी गोठ्यात अंथरूण टाकलं. कार्तिकातली थंडी. सून भाकरी तिथे नेऊन द्यायची. ते माझ्यावर रागावले नव्हते, याचाच त्रास जास्त होता.

मग वाशिंदहून निरोप आला. लग्न पुढे ढकलू या, घाई नको. आमच्या भागात घाई नको याचा अर्थ शाळकरी पोरालाही कळतो. जयराम विहिरीवरच्या पंपाजवळ माझ्यापाशी येऊन पाण्याकडे बघत उभा राहिला. ठरलेलं लग्न मोडलेल्या मुलीला पुढचं स्थळ काय विचारतं, हे त्याने मला सांगितलं नाही. मलाही बहिणी होत्या.

जयराम, भागीआत्या आणि मी जीपने वाशिंदला गेलो. मामा एका कारखान्यात मशीनवर कामाला होते. नव्या इमारतीत त्यांच्या दोन खोल्या, भिंतीवर कंपनीचं कॅलेंडर, पाहुण्यांसाठी प्लास्टिकच्या खुर्च्या. त्यांनी पाणी दिलं, चहाचं काही बोलले नाहीत. मी बोलायला सुरुवात केली. चित्रपट म्हणजे आभास कसा, प्रकाश आणि सावली कशी, माणूस त्यात मरतो म्हणजे खरं तर काय होतं. हे भाषण मी एका फिल्म सोसायटीत केलं होतं आणि तिथे त्याला टाळ्या पडल्या होत्या. मामांनी ते शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"तुमी शिकलेले," ते म्हणाले. "मी पन अडानी नाय. आमच्या मशीनवर तांबडा दिवा लागला, तर तो खरा लागला का वायरीचा घोळ हाय, हे मी विचारत बसत नाय. आधी मशीन बंद करतो. हात माझा हाय ना आत."

मी ग्लासातलं पाणी पिऊन टाकलं.

भागीआत्याने विचारलं, मग बंद कसं करायचं ते सांगा. त्या दोघांचं बोलणं मग आम्हाला वगळून झालं, दोन कामगार एखाद्या बिघाडाबद्दल बोलतात तसं. ठरलं ते असं: तिरडी पुन्हा एकदा घरातून निघाली पाहिजे आणि यावेळी जळाली पाहिजे. तिच्यावर पिठाचा बाहुला ठेवू, असं आत्या म्हणाली. मामांनी नकार दिला. बाहुला कुठे आला होता घरात? जे गेलं आणि जे परत आलं ते दोन्ही या साहेबांच्या मशीनमध्ये आहे. तेच तिरडीवर ठेवा. मी स्वतः येऊन बघेन, असं ते म्हणाले.

परतताना जयराम पुढच्या काचेतून रस्ता बघत होता आणि मला ठाऊक होतं, की हा माणूस माझ्याकडे ती फिल्म मागणार नाही. ती मीच आपण होऊन द्यायची होती.

दोन्ही टेक एकाच रोलवर होते. रोल डब्यात बंद, काळ्या पिशवीत, चिकटपट्टी लावलेला. मुंबईच्या लॅबला अजून गेला नव्हता, म्हणजे तो शॉट मीही पडद्यावर बघितलेला नव्हता. आणि शेत कापून झालं होतं. दळवीने आमच्या मुक्कामाच्या खोलीची कडी लावली आणि हळू आवाजात व्यवहाराची गोष्ट सांगितली. आपल्याकडे कोरा रोल आहे. डबा सारखा, पट्टी सारखी. फिल्म धुतल्याशिवाय दोन्हींत फरक दिसत नाही. आपल्याला दिसणार नाही तर त्यांना काय दिसणार? मामांचं समाधान होतं, पोरीचं लग्न होतं, चित्रपट वाचतो. कुणाचं काय जातं?

मी त्याला नाही म्हटलं नाही. विचार करतो म्हणालो. रात्रभर दोन्ही डबे माझ्या उशाशी होते.

सकाळी मंदा चहा घेऊन आली. कप ठेवला आणि गेली नाही. डब्यांकडे बघितलं. पोरगी हुशार होती, दोन डबे बाहेर का काढलेत ते तिला कळलं.

"दादा, तुमी यातला कुठला पन दिला तरी कोनाला कळनार नाय," ती म्हणाली. "मामांना नाय, आत्याला नाय. मला पन नाय."

मी डब्यांकडे बघितलं.

"मी हे काय मानत नाय. पन मला त्या घरात राहायचंय. उद्या तिथं कोनाच्या पोराला ताप आला, तर सगळी पहिली माझ्याकडं बघतील. तवा मला मान वर करून सांगता आलं पायजे, की ते जळलंय, मी बघितलंय. खोटं असलं तर माझी मान वर व्हनार नाय. मला कळलं नसलं तरी तुमच्या तोंडावरून कधीतरी कळंल."

ती कप तिथेच ठेवून गेली. दळवी भिंतीकडे बघत म्हणाला, "चहा गार होतोय."

मामा सकाळच्या एस.टी.ने आले. गोठ्यातून आबाही आले आणि अंगणात लांब उभे राहिले. तीच वाळक्या बांबूची तिरडी सोडून सुटे बांबू आत नेले होते आणि घरातच ती पुन्हा बांधली होती. तिच्यावर मी डबा ठेवला. यावेळी भागीआत्याने मडक्यात चुलीतला विस्तव घातला. एक खांदा मला दिला गेला. कुणी सांगितलं नाही, जागा रिकामी ठेवली होती. एवढ्याशा डब्याला चार माणसं. हसण्यासारखं होतं, आणि कुणीही हसलं नाही. दारातून निघताना चौकट डोक्याला लागेल म्हणून मी वाकलो, तेव्हा आठवलं, की या दाराचा उजेड मोजायला मी इथे कितीदा उभा राहिलो होतो. ते ओलांडताना कसं वाटतं, हे कधी बघितलंच नव्हतं. आता बांधाच्या दोन्ही बाजूंना नुसती खुंटं होती.

ओढ्याकाठी, मसणवटीत, मामा म्हणाले, डबा उघडा.

कॅमेरामनला पहिल्या दिवशी शिकवतात, की चित्रित झालेली फिल्म उजेडात उघडायची नाही. इतकी वर्षं माझे हात ते काम काळ्या पिशवीत, आंधळ्यासारखे करत आले होते. त्या दिवशी मी पट्टी ओढली, पिशवी फाडली आणि रोल उन्हात धरला. तिथेच तो मेला होता, विस्तवाची गरज नव्हती. पण हे मामांना समजावण्यात अर्थ नव्हता. मी फिल्म उलगडत गेलो. सायीच्या रंगाची, गुळगुळीत, तिच्यावर काही दिसत नव्हतं. लोक वाकून बघत होते. आबाही लांबून दोन पावलं पुढे आले.

ही फिल्म भडकत नाही. आक्रसते, वितळते, काळा धूर सोडते. बांबूने पेट घेतला तरी ते भेंडोळं बराच वेळ तसंच दिसत होतं, आणि मला भीती वाटू लागली, की हे जळतच नाही असं कुणी म्हणेल. मामा धुराच्या बाजूला उभे राहिले होते, डोळ्यांतून पाणी येत होतं तरी हलले नाहीत. सगळं काळ्या डागाएवढं झाल्यावर त्यांनी मला विचारलं, "हे परत करनार नाय ना?"

"भात कापलंय," मी म्हणालो. "आता करायचं म्हटलं तरी होणार नाही."

त्यांनी मान डोलावली. ओढ्यावर पाय धुतले, आबांच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, चला, आत बसून बोलू. आबा त्यांच्या मागोमाग दारातून आत गेले. सून चुलीकडे धावली. मंदा तुळशीपाशी उभी होती. तिने माझ्याकडे बघितलं, नीट, बराच वेळ. मी नजर चुकवली नाही.

माघात लग्न झालं.

आबांनी उरलेलं काम आनंदाने केलं. चित्रपटाच्या शेवटाला आता मयत नव्हतं. एका प्रसंगात आबा ओटीवर दोरी वळत बसलेले दिसतात, आणि पुढच्या प्रसंगात तीच ओटी रिकामी, समोर कापलेलं शेत. बाकी काही नाही. संकलकाने विचारलं, मधे काय आहे? म्हटलं, मधे काही नाही. पुढे एका महोत्सवात एका विद्वान गृहस्थांनी या जागेवर बराच वेळ भाषण केलं. मृत्यूची अनुपस्थिती, दिग्दर्शकाचा संयम, वगैरे. मी मान डोलावत ऐकलं. वाशिंदच्या मामांचं नाव घ्यावं असं फार मनात आलं होतं, पण शाल आधीच खांद्यावर पडली होती.

गावात दाखवायला मला त्याच्याही पुढचं वर्ष उजाडलं. शाळेच्या वर्गात, खिडक्यांना गोणपाटं लावून, भर दुपारी. बायका-पोरं जमिनीवर, म्हातारे बाकांवर. आबा पहिल्या बाकावर बसले होते आणि मंदा माहेरपणाला आली होती, मांडीवर मूल घेऊन त्यांच्या पायाशी. मी मागे प्रोजेक्टरपाशी उभा होतो. स्वतःला बघून आबा दर दोन मिनिटांनी काहीतरी बोलत होते: म्हशीचं नाव सांगत होते, आपलं धोतर मळकं दिसतंय म्हणत होते, लोक हसत होते.

मग ओटी रिकामी झाली. मागून एक बाई हळूच म्हणाली, "गेला म्हातारा." दोघी-तिघींनी पदर डोळ्यांना लावला. पहिल्या बाकावर तो म्हातारा धडधाकट बसला होता, तरीही.

आबा पुढे वाकले आणि नातीला विचारलं, "अगो, मी मेलो कवा?"

मंदाने मूल एका मांडीवरून दुसऱ्या मांडीवर घेतलं. पडद्यावरून नजर न काढता म्हणाली, "तुमी मेला नाय, आबा. तुमी नुसतं दिसत नाय."